पासपोर्टचा खर्च १,५०० वर थांबवायचा असेल तर

माझा पासपोर्ट ३,००० रुपयांना पडला. तो हरवला नव्हता आणि मी तत्काळमध्येही काढला नव्हता. साधी फी दोनदा भरावी लागली, कारण दहावीचं प्रमाणपत्र कवठेमहांकाळजवळच्या आमच्या घरी आईच्या ट्रंकेत होतं आणि मी सांगलीत. म्हणून पहिली गोष्ट ही: दहावीचं बोर्डाचं प्रमाणपत्र, मूळ प्रत. आज काढून ठेवा. अपॉइंटमेंटच्या आदल्या रात्री नव्हे, अर्ज भरायच्या आधी.

आता फी. मोठ्या माणसाला ३६ पानांचं, दहा वर्षांचं पुस्तक १,५०० ला मिळतं, ६० पानांचं २,००० ला. नवीन असो वा नूतनीकरण, आकडा तोच. सारखी ये-जा असेल तर ६० पानी घ्या. पानं मुदतीआधी संपली तर जादा पानं जोडून मिळत नाहीत, पुन्हा पूर्ण फी भरून नवीन पुस्तक घ्यावं लागतं. तत्काळला यावर २,००० जादा. अठराच्या आतल्या मुलांना १,००० लागतात, पण तो पासपोर्ट पाच वर्षं किंवा अठरा पूर्ण होईपर्यंतच चालतो. मूल पंधरा ते अठरामधलं असेल तर १,५०० भरून दहा वर्षांचा मागता येतो, तोच मागा. ५०० वाचवून दोन वर्षांत परत रांगेत उभं राहण्यात काय हशील? आठ वर्षांखालच्या मुलांना आणि साठीवरच्यांना दहा टक्के सूट आहे, म्हणजे आजीचा पासपोर्ट १,३५० त होतो. मात्र ही सूट पहिल्यांदा काढतानाच, नूतनीकरणाला नाही. हरवला किंवा खराब केला तर थेट ३,०००. आपल्याकडं २०१९ चा पूर ज्यांनी घरात पाहिलाय त्यांना सांगायला नको, पण बाकीच्यांनी तरी पासपोर्ट जाड प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून माळ्यावर ठेवावा.

फी सरकारी संकेतस्थळावरच भरायची. पत्त्याच्या शेवटी गव्ह डॉट इन आहे का, हे डोळ्यांनी बघा. तसल्याच नावाची बनावट संकेतस्थळं आहेत आणि तिथं गेलेले पैसे परत येत नाहीत. सायबर कॅफेवाला अर्ज भरायचे वेगळे घेतो, किती ते आधी ठरवा. आणि तो भरत असताना शेजारी बसा. हे मी मनापासून सांगतोय, शेजारी बसा. माझ्या अर्जात एक प्रश्न होता: अर्जदार नॉन-ईसीआर गटात बसतो का? पोरानं ‘नाही’वर टिचकी मारली आणि पुढं गेला. मी मोबाइलवर बोलत होतो. पासपोर्ट केंद्रावर आधार आणि शाळा सोडल्याचा दाखला नेला होता, जन्मतारखेला तो चालला, दहावी पास असल्याचा कागद कुणी मागितला नाही. पासपोर्ट आला तेव्हा दुसऱ्या पानावर ईसीआर छापलेलं होतं. मला त्याचा अर्थसुद्धा माहीत नव्हता.

अर्थ असा. ईसीआर म्हणजे ‘एमिग्रेशन चेक रिक्वायर्ड’, परदेशी कामाला जाण्याआधी तपासणी लागते. आखाती देश, मलेशिया वगैरे धरून अठरा देश आहेत. ईसीआर पासपोर्टवर तिथं नोकरीला जायचं तर आधी सरकारची वेगळी परवानगी काढावी लागते. फिरायला जाणाऱ्याला त्याचा त्रास नाही, कामाला जाणाऱ्याला आहे. दहावी पास माणसाला ही परवानगी लागतच नाही, फक्त पास असल्याचा कागद दाखवलेला पाहिजे. आयटीआय करून कुपवाडच्या एमआयडीसीत पाच वर्षं काढल्यावर मला ओमानचं काम आलं, तेव्हा हे कळलं. पासपोर्टवरचं ईसीआर हटवायला री-इश्यूचाच, म्हणजे पासपोर्ट नव्यानं छापून घ्यायचा अर्ज, तीच १,५०० ची फी, पुन्हा रजा, पुन्हा वाट बघणं. ते काम दुसऱ्याला गेलं. आईनं ट्रंक उघडून प्रमाणपत्र काढून दिलं, प्लॅस्टिकच्या पिशवीत, घडीवर पिवळं पडलेलं. पाच मिनिटांचं काम होतं.

म्हणून परत: दहावीचं प्रमाणपत्र. बारावी, डिप्लोमा, पदवी झाली असेल तर त्याचंही चालतं, पण काहीतरी मूळ प्रतीत न्याच. दहावी न झालेल्यांपैकी पन्नाशीच्या पुढच्यांना आणि आयकर भरणाऱ्यांनाही या परवानगीतून सूट आहे, त्याचा पुरावा न्या.

नूतनीकरणवाल्यांनी जुना पासपोर्ट आणि त्याच्या पहिल्या दोन, शेवटच्या दोन पानांच्या झेरॉक्स न्याव्यात. मुदत संपायच्या वर्षभर आधीपासून अर्ज करता येतो. उरलेले महिने नव्या पुस्तकात मिळत नाहीत, म्हणून उगाच घाई नको. पण शेवटच्या सहा महिन्यांपर्यंत थांबूही नका, बरेच देश तेवढी मुदत शिल्लक मागतात.

नाव सगळीकडं एकसारखं हवं. आधारवर नुसतं नाव-आडनाव आणि दाखल्यावर वडिलांच्या नावासकट असेल, तर आधी आधार दुरुस्त करा. पत्ता जिथं खरोखर राहता तोच द्या. पुण्यात राहून सांगलीचा पत्ता दिलात तर पोलीस पडताळणीला गावी यावं लागेल, तो एसटीचा खर्च आणि बुडालेली रजा कुठल्या फीत धरणार? पडताळणीची फी नाही, एक रुपयाही नाही.

अपॉइंटमेंट हुकली तर तारीख मोजक्याच वेळा बदलता येते, तीही पैसे भरल्यापासून वर्षाच्या आत. नंतर पैसे बुडाले. तत्काळचे जादा २,००० केंद्रावर भरायचे असतात, तयारीनं जा. फोटो तिथंच काढतात, चार वर्षांखालच्या बाळाचा मात्र पांढऱ्या पार्श्वभूमीचा न्या. १ ऑक्टोबर २०२३ ला किंवा त्यानंतर जन्मलेल्याला जन्मदाखलाच लागतो.

घरून निघताना फाइल उघडून बघा. आधार, जुना पासपोर्ट, झेरॉक्स, अपॉइंटमेंटची पावती. आणि दहावीचं प्रमाणपत्र, मूळ.

पाकीट स्पीड पोस्टानं येतं, पोस्टमनला काही द्यायचं नाही. आलं की त्याच्यासमोरच फोडा, नावाचं स्पेलिंग बघा, मग दुसरं पान उघडा.