नाव-गाव नसलेली जुनी फाइल सापडली तर ती ओळखायची कशी

जुन्या सीडीवर किंवा कुणा डीटीपीवाल्याच्या हार्डडिस्कवर एखादी फाइल सापडते, नाव ‘अंक१’ नाहीतर ‘फायनल’, एक्स्टेन्शन (नावामागचं ‘डॉट डॉक’सारखं शेपूट) नाही, डबल क्लिक केलं की विंडोज विचारतं कशात उघडू, आणि बरेच जण इथेच डिलीट मारतात. प्लीज मारू नका! दिवाळी अंक, स्मरणिका, गावच्या मंडळाचे अहवाल, असा मजकूर अशाच फाइलींत पडून असतो आणि दुसरी प्रत कुठेच नसते.

आधी कॉपी काढा, मूळ फाइल रीड-ओन्ली करून बाजूला ठेवा आणि जे काही करायचं ते कॉपीवरच करा. व्हायरस स्कॅन घरच्याच अँटीव्हायरसने करा, कारण व्हायरसटोटल या ऑनलाइन तपासणीच्या साइटवर टाकलेली फाइल तिथल्या इतर लोकांपर्यंतही जाऊ शकते आणि आत कुणाची खाजगी पत्रं असतील तर ते बरोबर नाही, तिथे फक्त फाइलचा हॅश (फाइलवरून काढलेला, तिच्या ठशासारखा आकडा) टाकून शोधलं तरी चालतं.

आता नाव विसरा आणि सुरुवातीचे बाइट बघा, एचएक्सडीसारखा फुकटचा हेक्स एडिटर (फाइलमधले बाइट जसेच्या तसे दाखवणारं सॉफ्टवेअर) पुरतो. सुरुवातीला ‘पीके’ ही इंग्रजी अक्षरं दिसली तर ती झिप, म्हणजे अनेक फाइली दाबून बांधलेलं गाठोडं, पण नव्या वर्डच्या फाइल आणि अँड्रॉइडची अ‍ॅपसुद्धा आतून झिपच असतात, म्हणून आत काय आहे ते उघडून बघायचं. ‘डी० सीएफ ११ ई०’ दिसलं तर तो मायक्रोसॉफ्टचा जुना डबा, म्हणजे अनेक प्रोग्रॅम वापरायचे तो फाइलचा साचा, त्यात वर्ड ९७ असेल, एक्सेल असेल, पेजमेकर ६.५ (छपाईची पानं लावायचं जुनं सॉफ्टवेअर) पण असू शकेल. लिनक्स-मॅकवर ‘फाइल’ नावाची कमांड हेच काम करते, विंडोजवर ट्रिड आहे, आणि ब्रिटनच्या नॅशनल अर्काइव्ह्जचं ड्रॉइड तर खास याचसाठी बनवलंय. ट्रिड टक्के दाखवतं पण ते टक्के म्हणजे पुरावा नव्हे, दोन टूल्सचं उत्तर जुळलं तरच मी पुढे जाते.

मराठी फाइलींची खरी गंमत यानंतर सुरू होते. पेजमेकरची फाइल लिब्रेऑफिसमध्ये बऱ्याचदा उघडते पण मजकुराच्या जागी इंग्रजी अक्षरं आणि चिन्हांचा कचरा दिसतो, आणि लोकांना वाटतं फाइल खराब झाली. तसं नसतं, तेव्हाच्या फॉन्टमध्ये इंग्रजी अक्षरांच्या जागांवर मराठी आकार बसवलेले असायचे, त्यामुळे फॉन्ट गेला की मराठी गेली. ‘स्ट्रिंग्ज’ कमांड (फाइलमधला वाचता येणारा मजकूर काढून दाखवते) चालवून आत फॉन्टचं नाव शोधा. डीव्ही-टीटी सुरेख असेल तर सी-डॅकचा, नाहीतर श्रीलिपी, आकृती, कृतिदेव, आणि प्रत्येकाची मांडणी वेगळी, म्हणून कन्व्हर्टर त्याच फॉन्टचा पाहिजे. कन्व्हर्ट झाल्यावर पहिली वेलांटी आणि रफार असलेले शब्द आधी तपासा, कारण जुन्या फॉन्टमध्ये पहिली वेलांटी अक्षराच्या आधी आणि रफार नंतर साठवलेला असतो, युनिकोडमध्ये (आजच्या कॉम्प्युटरवरची सगळ्या लिप्यांसाठीची एकच मांडणी) बरोबर उलटं, आणि घोळ नेमका तिथेच होतो. याउलट एका मराठी अक्षराऐवजी तीन-तीन चिन्हं दिसत असतील आणि त्यातलं पहिलं कायम तेच, डोक्यावर तिरकी रेघ असलेला छोटा इंग्रजी ए, तर ते युनिकोडच आहे, प्रोग्रॅममध्ये एन्कोडिंग (बाइटांवरून अक्षरं वाचायची पद्धत) यूटीएफ-८ करा, झालं काम.

तारखेवर लगेच विश्वास ठेवू नका. १ जानेवारी १९८० किंवा १ जानेवारी १९७० पहाटे साडेपाच दिसलं तर बहुतेक घड्याळाची किंवा सिस्टमची शून्य वेळ आहे ती, फाइल तेव्हाची नाही. एक्झिफटूलने (फाइलच्या आत लपलेली माहिती दाखवणारं सॉफ्टवेअर) आतली तारीख मिळते का बघा, नाहीतर मजकुरातच कुठला सण, कुठली निवडणूक, कुठले भाव आलेत का ते शोधा, मला तरी यातूनच जास्त हाती लागतं.

शेवटी एक नोट लिहा: फाइल कुठून आली, हॅश काय, कुठल्या टूलने काय सांगितलं, फॉन्ट कोणता, आत काय आहे, किती पानं वाचता आली. नक्की काय आणि अंदाज काय हे वेगवेगळं लिहा, ‘बहुधा १९९९ चा अंक, जाहिरातीवरून’ असं कारणासकट. नोट साध्या टेक्स्टमध्ये, युनिकोडमध्ये, मूळ फाइलच्याच फोल्डरमध्ये ठेवा.