कुत्रा अचानक एका अंगावर कलंडला तर

चांगला हिंडता-फिरता कुत्रा उठताना एका बाजूला पडायला लागला की गावात लगेच म्हणतात, लकवा मारला, आता काही खरं नाही. ही घाई दोन्हीकडून नडते. कधी तो लकवा नसतोच आणि तातडीचा इलाज हुकतो. कधी खरंच मेंदूचा झटका असतो, पण त्यातूनही बरेच कुत्रे उठतात, फक्त त्यांना वेळ द्यावा लागतो.

मेंदूची रक्तवाहिनी गुठळीने बंद पडली किंवा फुटली की झटका येतो. माणसासारखं तोंड वाकडं होणं कुत्र्यात क्वचित दिसतं. मान एका बाजूला कलते, कुत्रा एकाच दिशेने गोल फिरतो, एका बाजूचे पाय घसटतात, भिंतीला धडकतो, कधी फिट येते. हे सगळं अचानक सुरू होतं आणि बहुतेक पहिल्या २४ तासांत जेवढं वाढायचं तेवढं वाढून थांबतं. रोज थोडा-थोडा वाढणारा लुळेपणा असेल तर कारण दुसरं शोधा.

हात लावण्याआधी रेबीजचा विचार करा, विशेषतः लस न दिलेल्या कुत्र्यात. खालचा जबडा लोंबतो, लाळ गळते, आवाज बदलतो, पाणी गिळता येत नाही, मागचे पाय लुळे पडतात. घशात हाड अडकलं समजून तोंडात हात घालू नका. चावा बसला किंवा जखमेवर, डोळ्यात, तोंडात लाळ गेली, तर ती जागा वाहत्या पाण्याने १५ मिनिटं धुवा (कातडीवर साबणही लावा) आणि त्याच दिवशी प्राथमिक आरोग्य केंद्रात लसीसाठी जा.

एप्रिल-मे असेल तर आधी ताप बघा. थर्मामीटरला खोबरेल तेल लावून गुदद्वारात साधारण एक इंच सरकवा. १०१ ते १०२.५ फॅरनहाइट ठीक. उन्हात राहिलेल्या, जोरजोरात धापा टाकणाऱ्या कुत्र्याला १०४ च्या वर ताप असेल तर उष्माघात धरून चाला. सावलीत घ्या, अंगभर साधं पाणी ओता, वारा घाला आणि मगच गाडीत टाका. ओलं पोतं अंगावर झाकून ठेवू नका, आतली उष्णता कोंडते. १०३ च्या आसपास आला की पाणी थांबवा.

कपाशीवर फवारणी सुरू असेल तर डोळ्यांच्या बाहुल्या बघा. त्या टाचणीच्या टोकाएवढ्या झाल्या असतील, लाळ, हगवण आणि थरथर असेल, तर विषबाधेची शक्यता मोठी. अंगावर औषध उडालं असेल तर हातमोजे घालून साबणाने धुवा. ओकारी काढू नका. औषधाचा डबा किंवा त्यावरच्या चिठ्ठीचा फोटो सोबत न्या, उतारा त्यावरून ठरतो.

म्हाताऱ्या कुत्र्यात कानाच्या आतल्या तोल सांभाळणाऱ्या भागाचा बिघाड हुबेहूब झटक्यासारखा दिसतो. बुबुळं आडवी झरझर हलतात, मान कलते, ओकारी होते, पण पायातलं बळ शाबूत असतं. तपासायचं असं: कुत्र्याला आधार देऊन उभं करा आणि एका पायाचा पंजा उलटा करून त्याची वरची बाजू जमिनीला टेकवा. पंजा लगेच सरळ केला तर कान, तसाच राहू दिला तर मेंदूचा किंवा मणक्याचा संशय जास्त. बुबुळं वर-खाली हलत असतील तरी मेंदूच. ही खात्री नव्हे, डॉक्टरला दाखवायचंच आहे. मोबाइलवर डोळे आणि चाल यांचा एक मिनिटाचा व्हिडिओ घ्या, दवाखान्यात पोहोचेपर्यंत लक्षणं बदललेली असतात.

फिट आली तर वेळ मोजा, आजूबाजूच्या वस्तू सरकवा, धरून ठेवू नका. कांदा, चप्पल, चमचा काहीही नको. ५ मिनिटांवर चालली किंवा दिवसात दुसऱ्यांदा आली तर रात्र असली तरी निघा. घोंगडीची झोळी करून दोघांनी उचला, डोकं थोडं उंच ठेवा. तोंडात पाणी, ताक, गुळाचं पाणी ओतू नका, फुप्फुसात जातं. ॲस्पिरिन, पॅरासिटामॉल, आयबुप्रोफेन नको. रक्तस्राव असेल तर ॲस्पिरिनने तो वाढतो. डाग तर मुळीच देऊ नका.

१९६२ वर फिरत्या पशुवैद्यकीय पथकासाठी फोन लावा, नाहीतर तालुक्याचा दवाखाना गाठा. खात्रीचं निदान एमआरआयनेच होतं, ते गावात शक्य नाही. पण मूत्रपिंडासाठी रक्ततपासणी, रक्तदाब आणि गोचीडतापाची तपासणी आग्रहाने मागा. गोचीडतापात प्लेटलेट घटतात आणि रक्तस्राव होऊ शकतो.

गुठळी विरघळवणारं औषध कुत्र्यांत सहसा वापरत नाहीत, म्हणून खरा भार शुश्रूषेवर. जाड गोधडीवर ठेवा, दर ३-४ तासांनी कूस बदला, नाहीतर कोपर आणि कमरेवर जखमा पडतात. गिळता येतं हे डॉक्टरने बघितल्यावरच छाती जमिनीला टेकेल असं बसवून पातळ वरण-भात थोडा-थोडा द्या. दिवसभर लघवी झाली नाही तर कळवा. लुळ्या पायाचा प्रत्येक सांधा दिवसातून तीनदा, १०-१५ वेळा हलक्या हाताने हलवा. पोटाखालून दुपट्टा घालून उभं करा. फरक बहुधा काही दिवसांत दिसू लागतो, पूर्ण चाल यायला कित्येक आठवडे लागतात. सुधारत असलेला कुत्रा पुन्हा अचानक खालावला तर तो नवा झटका समजून त्याच दिवशी दवाखान्यात न्या.