क्रोकेचा ब्रेक कसा बसवायचा

क्रोके म्हणजे मॅलेटनं, लांब दांड्याच्या हातोड्यानं, चेंडू टोलवत जमिनीत रोवलेल्या कमानींमधून, म्हणजे हूपांमधून, क्रमानं काढायचा खेळ; चेंडू चार, प्रत्येक बाजूचे दोन. जॉन सॉलोमन यांनी क्रोकेची ओपन चॅम्पियनशिप 10 वेळा जिंकली. डॉरोथी स्टील यांनी तीच स्पर्धा, पुरुष खेळाडूंना हरवत, 4 वेळा जिंकली. रॉबर्ट फुलफर्डच्या नावावर 5 जागतिक विजेतेपदं आहेत. नवे खेळाडू मला विचारतात, यांचा नेम इतका अचूक कसा? नेम लागतोच. पण सामना हातात येतो तो ब्रेकमुळे: एकदा पाळी मिळाली की एकामागून एक हूप पार करत राहायचं आणि समोरच्याला खुर्चीतून उठूच द्यायचं नाही. हा ब्रेक शिकता येतो. मी तो शिकवते तो असा.

मॅलेटच्या पकडीवर फार वेळ घालवू नका. सॉलोमन यांच्या नावाच्या पकडीत दोन्ही हातांच्या मुठींची हाडं पुढे असतात, आयरिश पकडीत दोन्ही तळवे पुढे, आणि बहुतेकजण वापरतात त्या साध्या पकडीत वरची मूठ पुढे नि खालचा तळवा पुढे. मनगटाला त्रास न होणारी कोणतीही चालेल. चेंडूकडे मात्र नेहमी मागून, नेमाच्या रेषेवरून चालत या, आणि फटका बसेपर्यंत मान वर करू नका.

आता हिशेब. दुसऱ्या चेंडूला आपला चेंडू लागला की दोन फटके मिळतात: पहिला दोन्ही चेंडू चिकटवून मारायचा, त्यालाही क्रोकेच म्हणतात, दुसरा मोकळा. हूप पार केला की एक जादा फटका, शिवाय बाकीचे तिन्ही चेंडू पुन्हा मारायची मुभा. सगळा ब्रेक एवढ्यावर उभा आहे.

सरावाला चेंडू हातानं मांडा. एक पहिल्या हूपजवळ, एक दुसऱ्या हूपच्या मीटरभर अलीकडे, एक मधल्या पेगजवळ, म्हणजे मैदानाच्या मधोमध असलेल्या खुंटीजवळ. तुमचा चेंडू पहिल्या हूपच्या तोंडाशी. पुढच्या हूपवर थांबलेला तो पायोनियर, मधला पिव्हट.

पहिला हूप पार करा आणि जवळचा चेंडू मारा. त्याला आता दुसऱ्या हूपवर पाठवायचं नाही, तिथे पायोनियर आधीच आहे. त्याला पाठवा तिसऱ्यावर! आपला चेंडू त्याच फटक्यात पिव्हटपाशी थांबवायचा. हा फटका सगळ्यात जास्त घोटावा लागतो. मॅलेट खाली धरून पुढे झुकवत रेटली तर आपला चेंडूही लांब जातो. आपटून लगेच थांबवली तर समोरचा दूर जातो नि आपला जागीच राहतो. या दोन टोकांमधलं हवं ते अंतर हाताला कळेपर्यंत, मैदानाच्या कडेला नुसता हाच फटका मारत राहा.

मग पिव्हटला हलकेच लागा, त्याला फारसं न हलवता दुसऱ्या हूपवरच्या पायोनियरकडे जा. त्याला मारून हूपसमोर या, आणि तो चेंडू हूपच्या पलीकडे पडेल असं बघा, म्हणजे हूप पार केल्यावर तो समोरच सापडेल. तो जातो चौथ्यावर. असंच पुढे.

डोकं नेहमी दोन हूप पुढे हवं. पायोनियर तीन मीटर चुकला तर पुढचा हूप धोक्यात येतो. अशा वेळी धाडस नको, पिव्हटला थोडं पुढे सरकवून रांग दुरुस्त करा. चेंडू आणि हूपच्या दांड्यांमध्ये फट इतकी कमी असते, की तिरकस मारलेला चेंडू हमखास अडकतो. त्यामुळे हूपसमोर सरळ आणि जवळ येणं हीच खरी कामगिरी.

सहा हूप सलग होऊ लागले की पिव्हट उचलून ठेवा आणि तीन चेंडूंवर तोच ब्रेक करा. आपल्याच दुसऱ्या चेंडूला शेवटच्या तीन हूपांमधून काढणारा ट्रिपल पील त्यानंतर घ्या.