निन्टेन्डो वीवर होमब्रू बसवताना: आधी परतीची वाट, मग बाकी सारे

निन्टेन्डो कंपनीने नोव्हेंबर २००६ मध्ये बाजारात आणलेला वी हा कन्सोल जगभरात दहा कोटींहून अधिक विकला गेला. त्याच्या ऑनलाइन सेवा मात्र एकामागून एक बंद होत गेल्या. मे २०१४ मध्ये इंटरनेटवरून खेळण्याची सोय थांबली आणि ३० जानेवारी २०१९ रोजी वी शॉप चॅनलही बंद झाले. कंपनीच्या परवानगीविना हौशी प्रोग्रामरांनी लिहिलेले सॉफ्टवेअर, म्हणजेच होमब्रू, या जुन्या यंत्राला आजही कामाला लावू शकते. त्यासाठी कन्सोल उघडावा लागत नाही, सोल्डरिंग करावे लागत नाही आणि मॉडचिपची, म्हणजे आत जोडायच्या जादा चिपचीही, गरज नसते. कन्सोल कायमचा बंद पडण्याचे, म्हणजे ब्रिक होण्याचे, प्रसंग बहुधा होमब्रूला आत शिरकाव मिळवून देणाऱ्या मूळ युक्तीमुळे ओढवत नाहीत. ती पार पडल्यावर उत्साहाच्या भरात जे काही पुसले किंवा बसवले जाते, त्यातून ते ओढवतात. म्हणून पुढील कृतीत प्रत्येक पायरीनंतर मागे फिरण्याची वाट शाबूत राहील असा क्रम ठेवला आहे आणि तो बदलू नये.

आधी आपल्यापुढे नेमके कोणते यंत्र आहे हे पाहावे. खालच्या बाजूच्या लेबलवर आरव्हीएल-००१ असेल, तर तो गेमक्यूबचे, म्हणजे निन्टेन्डोच्या आधीच्या कन्सोलचे, कंट्रोलर जोडता येणारा मूळ वी आहे. आरव्हीएल-१०१ हा ती सोय काढून टाकलेला नंतरचा वी आहे. या दोन्हींना ही कृती लागू पडते. आरव्हीएल-२०१ म्हणजे वी मिनी. त्यात एसडी कार्डाची खाचच नसल्यामुळे त्यासाठी ब्लूबॉम्ब ही ब्लूटूथमार्गे चालणारी वेगळी युक्ती आणि लिनक्स चालवणारा संगणक लागतो. वी यू या पुढच्या कन्सोलमध्ये जुने खेळ चालावेत म्हणून एक आभासी वी दिलेला आहे, पण त्याची अंतर्रचना निराळी असल्याने येथील एकही पायरी त्यावर करून पाहू नये.

आपल्याकडचे बरेच वी अमेरिकेतून किंवा युरोपातून नातेवाइकांच्या सामानातून आलेले असतात, आणि तेथे एक खाचखळगा आहे. अमेरिकेतील वीचा अॅडॉप्टर फक्त १२० व्होल्टसाठी बनवलेला आहे. नुसती पिन बदलून तो आपल्या २३० व्होल्टच्या सॉकेटमध्ये लावला, तर होमब्रूचा प्रश्न उद्भवण्यापूर्वीच अॅडॉप्टर जळेल. योग्य क्षमतेचा स्टेप-डाउन ट्रान्सफॉर्मर वापरावा किंवा २२० ते २४० व्होल्टवर चालणारा वीचाच युरोपीय अॅडॉप्टर मिळवावा. वीज जाण्याचाही विचार करायला हवा. अंतर्गत मेमरीवर लेखन चालू असताना वीज गेली तर कन्सोल पुन्हा सुरू न होण्याचा धोका असतो. ज्या गावात भारनियमन असते तेथे कन्सोल यूपीएसवर किंवा इन्व्हर्टरवर घ्यावा, आणि पावसाळ्यातल्या वादळी संध्याकाळी हे काम काढूच नये.

कायद्याची बाजूही सुरुवातीसच समजून घ्यावी. भारताच्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात २०१२ साली कलम ६५-ए घालण्यात आले. हक्कभंग करण्याच्या हेतूने तांत्रिक संरक्षण मोडणाऱ्याला त्यानुसार दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड होऊ शकतो. या कलमात हेतूला महत्त्व आहे. स्वतःच्या यंत्रावर मुक्त सॉफ्टवेअर चालवणे आणि इंटरनेटवरून खेळांच्या चोरट्या प्रती उतरवणे या दोन निरनिराळ्या गोष्टी आहेत, आणि हे मार्गदर्शन फक्त पहिलीपुरते आहे. परदेशात राहणाऱ्या वाचकांनी तेथील कायदा पाहावा, कारण काही देशांत संरक्षण मोडण्याच्या कृतीकडेच अधिक कठोरपणे पाहिले जाते.

आता साहित्य. दोन जीबी किंवा त्याहून मोठे, पण ३२ जीबीपेक्षा मोठे नसलेले एसडी कार्ड घ्यावे आणि ते एफएटी३२ पद्धतीने फॉरमॅट करावे. अॅडॉप्टरमध्ये घातलेले मायक्रोएसडी कार्डही चालते, मात्र बाजूची लॉकची पट्टी उघडी असावी. बाजारात क्षमता खोटी दाखवणारी कार्डे सर्रास मिळतात. त्यामुळे विंडोजवर एच२टेस्टडब्ल्यू किंवा लिनक्स व मॅकवर एफ३ या मोफत प्रोग्रामने कार्ड पूर्ण भरून तपासावे. हे काम कंटाळवाणे आहे, पण ज्या कार्डावर पुढे संपूर्ण कन्सोलची प्रत ठेवायची आहे त्यावर विश्वास ठेवण्यापूर्वी त्याला पर्याय नाही. रिमोटमध्ये नवीन सेल घालावेत.

कन्सोल सुरू करून डाव्या कोपऱ्यातील वीच्या गोल बटणावरून सेटिंग्जमध्ये जावे. वरच्या उजव्या कोपऱ्यात सिस्टीम मेन्यूची, म्हणजे वीच्या मुख्य पडद्याच्या सॉफ्टवेअरची, आवृत्ती दिसते. २०१० साली आलेली ४.३ ही शेवटची आवृत्ती असून तिच्यापुढील यू, ई, जे किंवा के हे अक्षर अनुक्रमे अमेरिका, युरोप, जपान किंवा कोरिया हा प्रदेश सांगते. ही कृती ४.३ साठी आहे. आवृत्ती त्याहून जुनी असेल तर तिच्यासाठीच्या युक्त्या वेगळ्या आहेत. कन्सोलची तारीख व वेळ अचूक लावावी. मग इंटरनेटच्या पानावरील कन्सोल इन्फर्मेशनमध्ये जाऊन मॅक अॅड्रेस हा नेटवर्कवरील ओळखक्रमांक, म्हणजे दोन-दोन चिन्हांच्या सहा जोड्या, कागदावर उतरवून घ्याव्यात. आठ आणि बी यांची गफलत तेथे सहज होते, म्हणून लिहिलेले पुन्हा पडताळावे.

आपण जी युक्ती वापरणार आहोत तिचे नाव लेटरबॉम्ब. ती २०११ सालची असून, तिचे कर्ते त्याआधी ट्विलाइट हॅक या नावाने गाजलेल्या युक्तीमागचेच, टीम ट्वीझर्स या गटातले होते. वीच्या संदेशफलकावर येणारे पत्र वाचताना सिस्टीम मेन्यूची जी चूक होते तिचा फायदा घेऊन हे पत्र कार्डावरील आपला प्रोग्राम चालवते. हॅकमी या अधिकृत संकेतस्थळाच्या लेटरबॉम्बच्या पानावर आपला प्रदेश निवडावा, मॅक अॅड्रेस भरावा, हॅकमी इन्स्टॉलर सोबत देण्याची खूण तशीच ठेवावी आणि लाल किंवा निळी, कोणतीही तार कापण्याचे बटण दाबावे. दोन्ही तारा एकच फाइल देतात. तेवढा विनोद कर्त्यांनी केला आहे. उतरलेली झिप फाइल उघडून तिच्यातील प्रायव्हेट हा फोल्डर आणि बूट.ईएलएफ ही फाइल थेट कार्डावर, दुसऱ्या कोणत्याही फोल्डरच्या आत न जाता, ठेवावी.

कार्ड कन्सोलमध्ये घालून संदेशफलक उघडावा. पत्र बहुधा आदल्या दिवसाच्या तारखेखाली असते, त्यामुळे डावीकडे एक-दोन दिवस मागे जाऊन पाहावे. बॉम्बचे चित्र असलेले लाल पाकीट दिसले की ते उघडावे. पाकीट दिसलेच नाही तर तारीख, प्रदेश आणि मॅक अॅड्रेस यांपैकी एक चुकले आहे असे समजावे. पाकीट उघडून स्क्रीन गोठली, तर पॉवरचे बटण दाबून धरून कन्सोल बंद करावा आणि दुसऱ्या कार्डावर पुन्हा प्रयत्न करावा. या टप्प्यापर्यंत अंतर्गत मेमरीत काहीही लिहिले गेलेले नसल्याने घाबरण्याचे कारण नाही.

युक्ती साधली की प्रथम एक इशारा येतो. या सॉफ्टवेअरसाठी तुम्ही पैसे मोजले असतील तर तुमची फसवणूक झाली आहे, असा त्याचा आशय आहे. काही सेकंदांनी पुढे जाण्यासाठी १ दाबण्याची सूचना उमटते. ‘सर्वसमावेशक पॅक’ विकणाऱ्या संकेतस्थळांना उद्देशूनच तो इशारा आहे आणि अशा पॅकांपासून चार हात दूर राहणेच बरे. इन्स्टॉलरमधून होमब्रू चॅनल, म्हणजे कार्डावरील प्रोग्राम चालवणारे चॅनल, बसवावे आणि त्यानंतर अंतर्गत मेमरीचा बॅकअप घेणारी व तो परत भरणारी बूटमी. येथे थोडे थांबून समजून घ्यावे, कारण आपली परतीची वाट किती पक्की असेल हे याच ठिकाणी ठरते.

वी सुरू होताना बूट०, बूट१ आणि बूट२ असे तीन टप्पे एकामागून एक चालतात. बूट० चिपमध्येच कोरलेला आहे. बूट१ अंतर्गत मेमरीत असला तरी त्याची ओळख पटवणारा हॅश, म्हणजे मजकुरावरून काढलेला ठसा, चिपमधील एकदाच लिहिता येणाऱ्या भागात आहे, म्हणून तो कारखान्यातून निघाल्यावर कंपनीलाही बदलता येत नाही. सुरुवातीच्या बूट१ मध्ये बूट२ ची सही तपासताना एक ढोबळ चूक झाली होती. हॅशची तुलना निव्वळ बाइट म्हणून न करता अक्षरांच्या ओळीप्रमाणे केली जात असे, आणि शून्य बाइट भेटताच तुलना थांबून ‘जुळले’ असा निर्वाळा मिळे. ज्या कन्सोलमध्ये ही चूक आहे तेथे बूटमी थेट बूट२ मध्ये बसते. तसे झाले की सिस्टीम मेन्यू पूर्णपणे उद्ध्वस्त झाला तरी बूटमी आधी सुरू होते आणि कन्सोल वाचवता येतो. कंपनीने २००८ च्या सुमारास नव्या कन्सोलमध्ये ती चूक दुरुस्त केली. त्यांवर इन्स्टॉलर बूटमी फक्त आयओएस (वीच्या अंतर्गत प्रणालीचा एक भाग; ॲपलच्या आयओएसशी संबंध नाही) म्हणून बसवता येईल असे सांगतो, आणि अशा वेळी तिच्यापर्यंत पोहोचण्यासाठी सिस्टीम मेन्यूपर्यंतचा मार्ग चालू असावा लागतो. बूट२ चा पर्याय मिळत असेल तर तो अवश्य घ्यावा. मिळत नसेल तर कोणत्याही क्लृप्तीने तो मिळवण्याच्या मागे लागू नये.

आता होमब्रू चॅनल उघडून, होम दाबून, बूटमी सुरू करावे. तेथे रिमोट चालत नाही. कन्सोलवरील पॉवर बटणाने पुढे सरकायचे आणि रीसेटने निवडायचे, किंवा गेमक्यूबचा कंट्रोलर वापरायचा. दातेरी चाकांच्या चिन्हातून पुढे गेल्यावर दोन चित्रे दिसतात. चिपमधून कार्डाकडे जाणारा बाण म्हणजे बॅकअप आणि कार्डाकडून चिपकडे जाणारा बाण म्हणजे रीस्टोअर. पहिलेच निवडावे आणि दुसऱ्याला हात लावू नये. वीची अंतर्गत मेमरी ५१२ एमबीची असली तरी जोडीच्या पूरक माहितीमुळे फाइल सुमारे ५२८ एमबीची होते, म्हणून कार्डावर निदान ६०० एमबी जागा मोकळी ठेवावी. मध्येच काही ब्लॉक खराब दाखवले तर चिंता करू नये, कारण अशा चिपांमध्ये काही ब्लॉक कारखान्यापासूनच निकामी असतात. शेवटची पडताळणी वगळता येत असली तरी ती पूर्ण होऊ द्यावी. नॅंड.बिन आणि कीज.बिन अशा ज्या दोन फाइल तयार होतात त्या संगणकावर आणि आणखी एका ठिकाणी जपून ठेवाव्यात. प्रत्येक कन्सोलच्या एन्क्रिप्शनच्या किल्ल्या वेगळ्या असतात. त्यामुळे मित्राच्या वीचा बॅकअप तुमच्या वीला उपयोगी पडत नाही आणि स्वतःचा नसेल तर तो नंतर कोठूनही आणता येत नाही.

बॅकअप हाती आल्यावरच प्रीलोडर हा सिस्टीम मेन्यूच्या आधी चालणारा प्रोग्राम बसवावा. त्याचा फोल्डर कार्डावरील अॅप्स या फोल्डरमध्ये ठेवून तो होमब्रू चॅनलमधून चालवायचा आणि स्क्रीनवर सांगितलेले बटण दाबायचे. लेखन चालू असताना कशालाही हात लावू नये. यानंतर कन्सोल सुरू करताना रीसेट दाबून धरले की सिस्टीम मेन्यूच्या आधी प्रीलोडर उघडतो. ज्यांना बूट२ चा पर्याय मिळाला नाही त्यांची मुख्य ढाल हीच आहे. त्याच्या सेटिंग्जमधून डिस्कवरून व ऑनलाइन येणारे सिस्टीम अपडेट रोखण्याचे पर्याय चालू करावेत. एखाद्या परक्या प्रदेशाच्या डिस्कमधील अपडेट स्वीकारल्यामुळेही कन्सोल अर्धवट बिघडतो.

पुढचे सारे सोपे आहे. होमब्रू चॅनल अॅप्स फोल्डरमधील प्रत्येक उपफोल्डरात बूट.डीओएल फाइल शोधते आणि ती सापडली की प्रोग्राम यादीत दिसतो. सेव्हगेम मॅनेजर जीएक्सने खेळांच्या नोंदी कार्डावर घेता येतात, क्लीनरिपने स्वतःच्या डिस्कची प्रत काढता येते आणि वीएमसीने चित्रफिती पाहता येतात. जुन्या साहसखेळांसाठी स्कमव्हीएम आहे आणि त्यासाठी मोफत दिलेले काही खेळही उपलब्ध आहेत. सॉफ्टवेअर त्याच्या कर्त्यांच्या पानावरून किंवा ओपन शॉप चॅनल या होमब्रूच्या संग्रहातून घ्यावे. यातील बहुतेक प्रोग्राम केवळ कार्डावरून चालतात आणि अंतर्गत मेमरीला स्पर्शही करत नाहीत, त्यामुळे ते बिनधास्त करून पाहावेत.

ज्यांनी बिघाड होतो ती कामे वेगळी आहेत. ‘एनी टायटल डिलीटर’सारख्या साधनाने सिस्टीमच्या फाइली पुसणे, मेन्यूची सजावट बदलण्यासाठी चुकीच्या प्रदेशाची थीम बसवणे, अनोळखी चॅनल टाकणे, कन्सोलचा प्रदेशच बदलणे. शेवटचे तर कटाक्षाने टाळावे. कोरियातील वीचा प्रदेश बदलून त्यावर ४.२ किंवा पुढचा अपडेट केल्यावर सुरू होतानाच एरर ००३ दाखवून कन्सोल बंद पडल्याची उदाहरणे सर्वश्रुत आहेत.

एवढी काळजी घेऊनही कन्सोल मेन्यूपर्यंत येत नसेल, तर रीसेट दाबून धरून प्रीलोडर उघडावा आणि तेथून होमब्रू चॅनल किंवा बूटमी सुरू करावे. बिघाड नुकत्याच टाकलेल्या एखाद्या चॅनलमुळे असेल तर आधी ते काढून पाहावे आणि रीस्टोअर हा उपाय शेवटचा मानावा. रीस्टोअरसाठी याच कन्सोलची नॅंड.बिन फाइल कार्डाच्या मुळाशी ठेवावी लागते. बूटमी बूट२ मध्ये नसेल, तर गेमक्यूबच्या कंट्रोलरवर बटणांचा एक ठरावीक क्रम दाबल्याशिवाय ती लेखनाला सुरुवातच करत नाही. ज्यांच्याकडे आरव्हीएल-००१ आहे त्यांनी असा एक जुना कंट्रोलर मिळाला तर घेऊन ठेवावा.