म्हणी वापरताना या चुका टाळा

म्हणीचा अर्थ पाठ असतो, तरी ती भलत्याच जागी वापरली जाते. बहुतेक वेळा कारण एकच: म्हणीतली वस्तू डोळ्यांसमोर आलेलीच नसते.

'कोल्ह्याला द्राक्षे आंबट' ही निदान नाशिकमध्ये तरी चुकायला नको. शेजाऱ्याची नवी गाडी बघून कुणी जळलं की लगेच ही म्हण ऐकवतात. पण नुसता जळफळाट हा तिचा विषय नाही. त्या माणसाला ती वस्तू हवी होती, धडपड करूनही मिळाली नाही आणि मग त्याने वस्तूलाच नावं ठेवली, एवढं सगळं घडावं लागतं. शेवटचा भाग नसेल तर म्हण लागू होत नाही. निफाडच्या बागेत व्यापारी मणी दाबून रसाचा थेंब रिफ्रॅक्टोमीटरवर, म्हणजे गोडी मोजायच्या उपकरणावर टाकतो, गोडी १४ ब्रिक्सच (ब्रिक्स हे साखरेचं माप) भरते आणि तो सौदा सोडतो. तिथे द्राक्षं खरोखरच आंबट आहेत. त्या व्यापाऱ्याला कोल्हा म्हणणं अन्यायाचं.

'पळसाला पाने तीनच' म्हणजे 'थोडंच मिळालं' नव्हे. पेठ-सुरगाण्याकडचा पळस बघा, विदर्भातला बघा, एका देठाला पानं तीनच. तीन हा आकडा कमीपणाचा नाही, सारखेपणाचा आहे. 'पगार वाढला नाही, पळसाला पाने तीनच' हे चूक. 'नोकरी बदलली, पण साहेब तसाच. पळसाला पाने तीनच' हे बरोबर.

'कुऱ्हाडीचा दांडा गोतास काळ' मध्ये 'गोत्यास' लिहू नका. गोता म्हणजे अडचण; गोत म्हणजे आप्त, भाऊबंद. दांडा लाकडाचा आणि तोडतो झाडंच, म्हणून घात आपल्याच माणसाने केलेला हवा. परक्याने फसवलं तर ही म्हण चालत नाही.

नाशिककर गोदावरीला गंगाच म्हणतात, त्यामुळे 'गंगेत घोडं न्हालं' ऐकून पुण्यकर्म आठवतं. अर्थ मात्र रखडलेलं काम एकदाचं पार पडलं, एवढाच. सातबाऱ्यावरची नोंद तीन वर्षांनी झाली तर म्हणा. अर्ज दिला आणि दुसऱ्या दिवशी दाखला मिळाला, तिथे नको.

शाळेतल्या मुलांसाठी एक खूण: 'उंटावरून शेळ्या हाकणे' असा शेवटी 'णे' असेल आणि वाक्यात 'हाकतो', 'हाकल्या' असं रूप बदलत असेल, तर तो वाक्प्रचार. म्हण सहसा आहे तशीच येते.

सर्वात जास्त जपायची ती 'म्हातारी मेल्याचं दुःख नाही, पण काळ सोकावतो'. कुणाच्या घरी आजी गेल्या असताना, दशक्रियेला तर नाहीच नाही, ही तोंडातून निघता कामा नये. ती सांत्वनाची नाही. चुकीचा पायंडा पडू नये म्हणून आहे. सोसायटीत एकाने जिन्यात चपलांचं कपाट ठेवलं, कपाट लहानच आहे, पण उद्या प्रत्येक मजल्यावर एकेक येईल. तिची जागा तिथे.