रोहिणीत चारोळीचं बी धरा

हल्ली शेतकरी मित्रांच्या फोनवर एक प्रश्न वारंवार येतो. चेस्टनटची रोपं विकायला आली आहेत, पडीक तुकड्यात लावू का? माझं उत्तर एकच आहे: नागपूर जिल्ह्यात लावू नका. पैसा तर जाईलच, पण रोपांमागे घालवलेली वर्षंही परत येणार नाहीत.

चेस्टनट हे थंड डोंगराळ मुलखातलं, कवचाच्या आत खाण्याजोगा गर देणारं झाड. आपल्या देशात ते हिमाचल, काश्मीर, उत्तराखंडच्या उतारांवर दिसतं. हिवाळ्यात पानं गाळून त्याला लांब विश्रांती लागते आणि तेवढी थंडी आपल्याकडे पडत नाही. जमीनही त्याला आम्ल लागते, सामू (पीएच) साधारण ५.५ ते ६.५. आपल्या काळ्या जमिनीचा सामू बहुतेक ठिकाणी ७.५ च्या वर, आणि खाली चुनखडी. चुनखडीच्या वावरात संत्र्याची पानं कशी पिवळी पडतात हे काटोल-नरखेडच्या माणसाला सांगायला नको. त्यात मे महिन्यातलं ४५ अंशांचं ऊन. नर्सरीत हिरवंगार दिसणारं रोप इथे तग धरेल, अशी आशा मी कुणाला दाखवणार नाही. (काहींची शिंगाड्याशी गल्लत होते, कारण इंग्रजीत त्यालाही पाण्यातलं चेस्टनट म्हणतात. ते तळ्याबोडीतलं पीक आहे, झाड नव्हे.)

कवचाच्या आत गर देणारं झाडच हवं असेल, तर ते आपल्या रानात आधीपासून उभं आहे. चार. ज्याच्या बियांतून चारोळी निघते ते. रामटेक, देवलापार, पारशिवनीकडच्या लोकांनी लहानपणी याची फळं खाल्लेली असतात. आंबा, काजू, बिब्बा यांच्याच कुळातलं हे झाड. बरड, मुरमाड जमीन त्याला चालते, ऊन तर सोसतंच. अट एकच, मुळाशी पाणी साचता कामा नये. म्हणून भारी काळ्या वावराच्या मधोमध ते लावू नका. धुऱ्यावर (बांधावर), टेकाडावर, जिथे पऱ्हाटी (कापूस) धड होत नाही अशा तुकड्यात लावा.

बी धरायची वेळ हीच. रोहिणी लागली की उरलीसुरली फळं पिकून काळी-जांभळी होतात. बियाण्यासाठी फक्त अशीच फळं घ्या, तीही दरवर्षी भरघोस धरणाऱ्या झाडाखालून वेचलेली. दुसऱ्याने आधी नेऊ नये म्हणून हिरवी फळं ओरबाडायची सवय सगळीकडे लागली आहे. मला याचं फार वाईट वाटतं, कारण त्यात दोघांचंही नुकसान होतं: तोडणाऱ्याच्या हाती बारीक, सुरकुतलेला गर येतो आणि रानात उगवायला बी उरत नाही. फांद्या तोडून फळं काढणं तर त्याहून वाईट. चारेचा फुलोरा फांद्यांच्या शेंड्याकडे येतो, म्हणजे तोडलेल्या फांदीबरोबर पुढच्या साली येणारं पीकही जातं.

फळं रात्रभर पाण्यात भिजवा, सकाळी चोळून साल काढा, आतल्या टणक बिया म्हणजे गुठळ्या धुऊन सावलीत सुकवा. आता महत्त्वाचं काम. गुठळीचं कवच इतकं टणक असतं की तशीच पेरली तर उगवण फार कमी होते. मी पहिल्या वर्षी टोपलीभर गुठळ्या तशाच पेरल्या होत्या आणि बोटांवर मोजण्याइतकी रोपं हाती आली. दुसऱ्या वर्षी प्रत्येक गुठळी दगडावर धरून हातोडीचा हलका ठोका दिला, फक्त चीर पडेल इतका, आणि मग फरक डोळ्यांनी दिसला. आतला गर दुखावला तर ते बी कुजतं, त्यामुळे हे काम घाईत उरकू नका. चीर पडलेलं बी एक दिवस पाण्यात भिजवून लगेच पेरा. बी तेलकट असल्याने त्याची उगवणशक्ती लवकर घटते. गेल्या वर्षीच्या बियांवर विसंबू नका.

चारेचं सोटमूळ झपाट्याने खाली जातं. आखूड पिशवीत ते गोल फिरतं आणि पुढे झाड कमजोर राहतं. पिशवी किमान एक फूट उंच घ्या. माती, रेती आणि चांगलं कुजलेलं शेणखत सारखं मिसळा, बी दोन सेंटिमीटर खोल टाका. जागेवरच पेरायचं असेल तर आत्ताच ६० सेंटिमीटर लांब-रुंद-खोल खड्डे घेऊन उन्हात तापू द्या. मृगाचे एक-दोन चांगले पाऊस झाले की वरची माती आणि शेणखत भरून प्रत्येक खड्ड्यात तीन बिया टाका, नंतर जोमदार एक रोप ठेवा. दोन झाडांत आठ ते दहा मीटर अंतर असू द्या.

बियांपासूनची झाडं सारखी निघत नाहीत आणि फळाला सात-आठ वर्षंही लावतात. घाई असेल तर वर्षभराच्या रोपावर चांगल्या झाडाची काडी घेऊन पावसाळ्यात कोय कलमासारखं कलम करता येतं. आंब्याची कलमं बांधणारा कारागीर हे सहज करतो.

पहिले दोन उन्हाळे आठवड्याला एक घागर पाणी, बुंध्याभोवती पाल्याचं आच्छादन, आणि बकऱ्यांपासून काट्यांचं कुंपण. उधईवर (वाळवीवर) लक्ष ठेवा, कारण ती आच्छादनाखाली शिरते. आच्छादन बुंध्याला चिकटू देऊ नका. बुंध्यातून डिंक वाहताना दिसला तर तो भाग खरवडून बोर्डोपेस्ट लावा, संत्र्याला लावता तीच: एक किलो मोरचूद, एक किलो चुना, दहा लिटर पाणी.

सगळ्यात मोठा धोका आगीचा. मार्च-एप्रिलमध्ये मोहफुलं वेचायला सोपं जावं म्हणून झाडाखालचा पाला पेटवतात आणि त्यात चारेची कोवळी रोपं नकळत जळतात. तुमच्या धुऱ्याला लागून मोहाची झाडं असतील तर फेब्रुवारी संपायच्या आत दोन मीटरचा पट्टा वखरून मोकळा करा, आणि वेचणाऱ्यांशी बोलून पाला झाडून बाजूला करायला सांगा.

ज्यांच्याकडे आधीच मोठी झाडं आहेत त्यांनी या हंगामातल्या गुठळ्या एकदम फोडू नयेत. गरात जवळपास निम्मं तेल असतं, फोडलेली चारोळी पावसाळी दमट हवेत लवकर खवट होते. कडक वाळवलेल्या गुठळ्या कोरड्या जागी ठेवा आणि गिऱ्हाईक ठरलं की लागेल तेवढ्याच फोडा.