कॉस्टिंगमधल्या या चुका टाळा : नगामागचा खर्च कुठे फसवतो

विक्री तेवढीच, भाव तोच, तरी नफा एकदम पाचपट. असं झालं की खूश होण्याआधी गोदामात डोकावून बघा.

महिन्याचा स्थिर खर्च (भाडं, पगार असा, कितीही नग बनवले तरी तेवढाच राहणारा) 6,00,000 रुपये, नगामागे बदलता खर्च (कच्च्या मालासारखा, प्रत्येक नगाबरोबर वाढणारा) 40 आणि विक्री किंमत 105 धरू. 10,000 नग बनवून सगळे विकले, तर नगाला 60 स्थिर खर्च बसतो. एकूण खर्च 100, नफा 50,000. पुढच्या महिन्यात 15,000 बनवले, विकले 10,000च. आता स्थिर खर्च नगाला 40, एकूण 80, आणि नफा 2,50,000! जास्तीचे 2,00,000 आले कुठून? पडून राहिलेल्या 5,000 नगांवर प्रत्येकी 40 स्थिर खर्च चढवून तो पुढे ढकलला, एवढंच. उलट त्या नगांच्या बदलत्या खर्चात आणखी 2,00,000 अडकले. उत्पादन प्रमुखाचा बोनस नफ्यावर ठरत असेल, तर ही चूक कुणाला फारशी खुपतही नाही.

स्थिर खर्चही असा नगांवर वाटणारी ही पूर्ण खर्च पद्धत म्हणजे अ‍ॅब्सॉर्प्शन कॉस्टिंग टाकून देता येत नाही. आयएएस 2 या आंतरराष्ट्रीय मानकाला शिल्लक मालाच्या मूल्यांकनासाठी तीच लागते. पण आतल्या निर्णयांसाठी मार्जिनल कॉस्टिंगचा, म्हणजे नगावर फक्त बदलता खर्च धरून स्थिर खर्च त्या-त्या महिन्यातच पूर्ण वजा करणारा, तक्ता शेजारी ठेवा. त्यात दोन्ही महिन्यांचा नफा 50,000च दिसेल.

मंदीत हीच चूक उलटी फिरते. 5,000 नगच बनले की खर्च 160 दिसतो, मग भाव वाढवतात, ऑर्डरी आणखी घटतात, खर्च आणखी चढतो. स्थिर खर्च नेहमीच्या क्षमतेवर, इथे 10,000 नगांवर, वाटा. न वाटला गेलेला 3,00,000 रिकाम्या क्षमतेचा खर्च म्हणून थेट नफा-तोटा पत्रकात दाखवा. आयएएस 2 सुद्धा हेच सांगतं.

घटीचा, म्हणजे माल बनवताना वाया जाणाऱ्या भागाचा, हिशेब बऱ्याच कॉस्ट शीटमध्ये चुकतो. 900 खर्चून 100 किलो माल घातला आणि 10 टक्के घट ठरलेलीच असेल, तर किलोला 9 नव्हे, 10 धरा. यंत्र बिघडून जास्तीचा माल गेला, तर तो तोटा वेगळा दाखवा. चांगल्या मालाच्या माथी मारू नका.

छोट्या ऑर्डरी फार फायद्याच्या वाटताहेत? ओव्हरहेड, म्हणजे कुठल्याही एका उत्पादनाला थेट न जोडता येणारा सामाईक खर्च, कशाच्या प्रमाणात वाटलाय ते तपासा. यंत्रांवर चालणाऱ्या कारखान्यात मजुरीच्या टक्केवारीने वाटला, तर वारंवार सेटअप (नव्या कामासाठी यंत्राची जुळवणी) लागणाऱ्या छोट्या बॅचचा भार मोठ्या बॅच उचलतात. यंत्राचा खर्च मशीन-तासांवर आणि सेटअपचा सेटअपच्या संख्येवर वाटून बघा. 1980च्या दशकात रॉबिन कूपर आणि रॉबर्ट कॅप्लन या अभ्यासकांनी पुढे आणलेल्या अ‍ॅक्टिव्हिटी बेस्ड कॉस्टिंगचा, म्हणजे ज्या कामामुळे खर्च होतो त्यावर तो वाटण्याच्या पद्धतीचा, गाभा हाच. मात्र पंधरा-वीस निकष लावत बसू नका. माहिती गोळा करण्यातच माणसं अडकतात.

आणि ‘तोट्यातलं’ उत्पादन बंद करण्याआधी, ते थांबल्यावर कोणते खर्च खरोखर थांबतील याची यादी करा. भाडं आणि पर्यवेक्षकाचा पगार तसाच राहणार असेल, तर तो उरलेल्या उत्पादनांवर येऊन बसेल.